गोठलेल्या दोन बाटल्या

फ्रिजमध्ये इन्सुलिनच्या बेचाळीस बाटल्या होत्या. वरच्या कप्प्यात चोवीस, खालच्या कप्प्यात अठरा. वहीत चव्वेचाळीस. मी तीनदा मोजल्या. उत्तर बदललं नाही.

दवाखान्याच्या औषधखोलीची किल्ली माझ्याकडे असते. सकाळी मी ती खोली फक्त साफसफाईच्या मावशींसाठी उघडते. विचारलं तेव्हा त्या फडका पिळत होत्या.

"मीच नेल्या गं. आमच्या ह्यांना महिन्याला दोन लागतात, मिळते एक. जन्मभर माणसाच्या तोंडात साखर नव्हती, आता सगळी रक्तात उतरलीय." त्या स्वतःच हसल्या. मग म्हणाल्या, "साहेबांना सांगशील?"

बाटली कमी भरली तर बाराच्या आत साहेबांना कळवायचं, असा नियम आहे. कळवलं की मावशींचं काम जाणार. आणि ती एक बाटलीसुद्धा त्या इथं कामाला आहेत म्हणूनच मिळते.

"आत्ता घरी जा, घेऊन या," मी म्हणाले. "गुपचूप परत ठेवते."

अर्ध्या तासात त्या धापा टाकत आल्या. पिशवीतून डबा काढला.

"बघ, जिवापाड जपल्यात. शेजारणीच्या फ्रिजमध्ये, पार वर, बर्फाच्या कप्प्यात. तूच नाही का म्हणालीस, गार ठेवावं लागतं?"

म्हणाले होते. किती गार, ते सांगायचं राहिलं होतं. इन्सुलिन एकदा गोठलं की वितळल्यावरही निकामीच. आता या बाटल्या पेशंटला देता येत नव्हत्या, आणि मावशींनाही.

मी ते सांगितलं. त्या डब्याकडे बघत राहिल्या. "ह्यांची काल संपली गं. आजची सुई यातलीच द्यायची होती."

मी वहीत लिहिलं : 'दोन खराब. गोठल्या.' त्यात खोटा असा एकही शब्द नव्हता.

वही वाचून साहेबांनी चष्मा कपाळावर सरकवला. "गोठल्या? आपल्या फ्रिजमध्ये? मग मॅडम, उरलेल्या बेचाळीस काय शोभेला ठेवल्यात?"

मी वही परत घेतली.

"थर्मामीटर ठेवा आत. शून्यापर्यंत उतरला तर दोष फ्रिजचा. नाहीतर मावशींना पाठवा माझ्याकडे. सकाळी त्या खोलीत दुसरं जातं कोण?"

तासाभराने मी फ्रिज उघडला. मावशी फडका हातात घेऊन मागेच उभ्या होत्या.

"किती आलं गं?"

चार अंश.