मिरजगावचं पुस्तक-प्रदर्शन

आप्पासाहेबांनी विज्ञानाच्या टेबलावरची ती कादंबरी उचलली आणि कुणाचं लक्ष नाही असं बघून काखेत धरली. एका बाजूला सूर्यमालेवरचं जाडजूड पुस्तक, दुसऱ्या बाजूला मधमाश्यांची माहिती, आणि मधोमध ही प्रेमकथा. मुखपृष्ठावर गुलाबी आभाळाखाली पाठमोरे उभे असलेले दोघं जण.

"तिथंच राहू द्या ती," मागून राहीबाई म्हणाल्या.

ते वळले. राहीबाई खोक्यातून चरित्रं काढून पदरानं पुसत होत्या.

"अगं, कादंबरी आहे ही."

"ठाऊक हाय मला. वेधशाळेत नोकरीला असतात दोघं. एकमेकांशी बोलायचं सोडून तारे बघत बसतात. मग विज्ञानच झालं की ते."

त्या हसल्या. आप्पासाहेबही हसले आणि पुस्तक जागेवर ठेवलं. बायकोनं ते चुकून तिथं ठेवलं होतं की मुद्दाम, हे त्यांना कळलं नाही. वर्षभरात असं बऱ्याचदा होऊ लागलं होतं.

मिरजगावच्या मंगल कार्यालयात त्यांचं प्रदर्शन दरसाल लागायचं. पार भंडारदऱ्याच्या बाजूच्या आश्रमशाळांपासून इकडं कर्जत तालुक्यापर्यंत, जिथं पुस्तकाचं दुकान नाही अशा गावांत नवरा-बायको खोकी घेऊन जात आले होते. टेम्पो ठरवणं, टेबलं मांडणं हे आप्पासाहेबांचं काम. माणसं राहीबाईंची. समोर आलेल्या माणसाकडं त्या जरा वेळ निरखून बघायच्या आणि मग पुस्तक काढून द्यायच्या. त्यांनी दिलेलं पुस्तक सहसा कुणी खाली ठेवत नसे.

मागच्या उन्हाळ्यात राहुरीला त्या पाण्याची बाटली भरायला म्हणून गेल्या, त्या आल्याच नाहीत. आप्पासाहेबांना सापडल्या तेव्हा एसटी स्टँडवर माहेरच्या गावची गाडी विचारत होत्या. माहेरी आता कुणीच उरलं नव्हतं. नगरच्या डॉक्टरांनी तपासण्या केल्या, आजाराचं नाव सांगितलं, आणि हे हळूहळू वाढत जाणार, असंही सांगितलं. तेव्हापासून दिशा, त्यांची एकुलती एक लेक, मागं लागली होती. दादा, आता बंद करा, आईला माझ्याकडं नगरला आणा. आप्पासाहेबांचं उत्तर ठरलेलं असायचं, पुस्तकांत असली की ती बरी असते. शेवटी या खेपेला दिशानं विचारणं सोडून दिलं होतं. संध्याकाळी गाडी घेऊन येते, एवढंच तिनं कळवलं होतं.

दुपारी साळूबाई नावाची एक बाई आली. चपला दाराबाहेर काढून, पिशवी छातीशी धरून उभी राहिली.

"मला वाचाया येत न्हाई," ती आधीच म्हणाली. "लेकीसाटी पायजे. बाळंतपनाला आलीय. पोर पोटातच गेलं. समदे म्हनत्यात देवाधर्माचं द्या. तिला नको वाटतं."

आप्पासाहेबांचा हात थोरामोठ्यांच्या चरित्रांकडं वळला होता. दुःखातून उभ्या राहिलेल्या माणसांची पुष्कळ पुस्तकं तिथं होती. राहीबाईंनी नुसती मान हलवली. त्या प्रत्येक टेबलापाशी गेल्या, एक-दोन पुस्तकं चाळून परत ठेवली आणि शेवटी पक्ष्यांवरचं एक पातळ पुस्तक घेऊन आल्या.

"हे द्या. ह्यात कोण कुनाला धीर देत न्हाई," त्या साळूबाईच्याच बोलीत म्हणाल्या. "नुसतं पाखरं कुठनं येत्यात, कुठं जात्यात, एवढंच हाय. वाचून झालं की अंगनात येऊन बसंल ती. तुमी काय बोलू नका. जवळ बसा फक्त."

साळूबाईचे डोळे भरून आले. तिनं पुस्तक पिशवीत ठेवलं, मग परत काढून हातातच धरलं.

ती गेल्यावर आप्पासाहेब बायकोकडं बघतच राहिले. ही तीच राहीबाई होती, पूर्वीची, पुरी. डॉक्टरांना काय कळतंय, त्यांच्या मनात आलं. त्या भरात ते बाहेर गेले. हमरस्त्यावरून ट्रक जात होते, म्हणून फाटकाच्या आडोशाला उभं राहून त्यांनी दिशाला फोन लावला.

"नको येऊस आज. आई एकदम ठणठणीत आहे. तू बघायला पाहिजे होतंस."

"दादा..."

"मी सांगतोय ना तुला!"

बरं, दिशा पलीकडून म्हणाली. हॉटेलातून दोन चहा घेऊन आप्पासाहेब परतले, तेव्हा कितीतरी दिवसांनी त्यांची चाल हलकी झाली होती.

राहीबाई टेबलामागं उभ्या होत्या. आप्पासाहेबांना बघून त्यांनी पदर खांद्यावरून ओढून घेतला.

"या ना. चहा तिकडं ठेवा हां, पुस्तकांवर सांडंल. काय बघता? चरित्र, का विज्ञानाचं?"

आप्पासाहेब हसले. चेष्टा चाललीय, आता हसेल, म्हणून ते थांबून राहिले. राहीबाई हसल्या नाहीत. परक्या माणसाशी वागावं तसं अदबीनं त्या उत्तराची वाट बघत होत्या.

चहाचे पेले आप्पासाहेबांनी सावकाश खिडकीत ठेवले.

"तुम्हीच सांगा," ते म्हणाले. बायकोला 'तुम्ही' म्हणताना जीभ अडखळली.

राहीबाईंनी त्यांच्या चेहऱ्याकडं निरखून बघितलं. मघाशी साळूबाईकडं बघितलं होतं तसंच. मग प्रेमकथांमधून एक पुस्तक काढलं.

"तुमच्या वयाची माणसं चरित्रं नेतात. तुम्ही हे न्या. लई दिवसांत तुमच्याशी कुणी दोन गोष्टी बोललेलं दिसत नाही."

त्यांनी पुस्तक घेतलं. ते टेबलाला टेकून उभे राहिले.

"किंमत आमचे मालक सांगतील. इथंच बाहेर गेलेत."

"कसे आहेत तुमचे मालक?"

"चांगले हायेत की. पण अलीकडं घाबरल्यासारखे असतात." राहीबाईंनी आवाज खाली आणला. "रात्री उठून दाराची कडी बघतात. माझ्या अंगावर हात ठेवून पडून राहतात. त्यांना वाटतं मी झोपलेय. काय झालंय त्यांना कुणास ठाऊक. मला सांगत नाहीत."

आप्पासाहेबांनी हातातलं पुस्तक उघडलं, परत मिटलं.

"तुम्ही बोलून बघता का त्यांच्याशी?" त्या म्हणाल्या. "एखाद्या वेळेस तुम्हाला सांगतील. बसा. येतीलच आता."

त्यांनी खुर्ची पुढं ओढली, पदरानं पुसली. आप्पासाहेब बसले. राहीबाई दाराकडं बघू लागल्या तेव्हा त्यांनी खिशातून फोन काढला, टेबलाखाली धरून दिशाला एकच शब्द पाठवला, ये, आणि तेही दाराकडं बघत बसले.