जिभेच्या कडेची पानं

दुकानात साखर आणि घरात सुरी, अशी त्या माणसाची जीभ होती. कापडाच्या दुकानात काउंटरमागे उभा राहिला, की पडद्याला चार हात कापड घ्यायला आलेली बाई सोफ्यासकट सगळं घर मढवायचं कापड घेऊन जायची आणि वर म्हणायची, "किती लाघवी माणूस हो!" बाजारानं त्याचं नावच गोडबोल्या पाडलं होतं. संध्याकाळी घराचा उंबरठा ओलांडला, की तीच जीभ बायकोवर परजली जायची. चहा पाणचट, उशीचे अभ्रे मळके, तुझं तोंड सुतकी. दिवसभर बाहेर इतकी साखर वाटल्यावर घरच्यांना काय उरणार, कप्पाळ!

बायको कामाला जायची ती जागा दोन गल्ल्या पलीकडे होती. वैद्यकीय कॉलेजांना लागणारे शरीराचे नमुने तिथं बनायचे. प्लॅस्टरचे कान, झाकण उघडता येणारी हृदयं, दातांच्या कवळ्या. साच्यातून निघालेले पांढरेफटक अवयव तिच्या टेबलावर यायचे आणि ती ते रंगवायची. जीभ रंगवण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. कोपरापासून बोटांपर्यंत भरेल एवढी मोठी जीभ मांडीवर घेऊन ती बसायची, लेकराचं डोकं विंचरायला घ्यावं तशी.

साचे बनवणारे काका वयानं मोठे आणि बोलायला हौशी. पहिल्याच आठवड्यात त्यांनी तिला जिभेच्या मागच्या भागातल्या दोन्ही कडा दाखवल्या. तिथं एकीला एक लागून उभ्या घड्या होत्या.

"यांना पर्णाकार अंकुर म्हणायचं," काका म्हणाले. "पर्ण म्हणजे पान. पण झाडाचंच पान डोळ्यांपुढे आणू नकोस. जाड पुस्तक मिटून कडेनं बघ, पानं कशी उभी दिसतात, तसं. शास्त्रवाल्यांना काही पातळ नि चपटं दिसलं, की हा शब्द ठरलेला. मेंढीच्या यकृतातला किडा पर्णाकार, जुन्या भाल्याचं दगडी पातं पर्णाकार, आणि तुझ्या तोंडातल्या या घड्याही पर्णाकार."

"माझ्या तोंडात आहेत?"

"सगळ्यांच्याच असतात. जन्मभर लक्ष जात नाही. कधीतरी आरशात दिसतात आणि माणसं मरणार म्हणून डॉक्टरकडे धावत सुटतात."

तिला तो शब्द भारी आवडला. घरी जाताना ती प्रत्येक वस्तूकडे पर्णाकार आहे का म्हणून बघत गेली. चाकूचं पातं आहे, चमचा नाही, स्वतःचा तळवा थोडासा. नवरा दुकानातून आल्या आल्या ती हौसेनं सांगायला गेली, "अहो, आज मी जीभ रंगवली. तिच्या कडेला ना..."

"आधी स्वतःची आवर," तो म्हणाला आणि बूट काढायला बसला.

वाक्य तिथंच मेलं. त्यानं त्या दिवशी तिला पुरतं बोलू दिलं असतं, तर पुढचं काहीच घडलं नसतं. पण ऐकून घेतील ते गोडबोले कसले!

त्यांना एकच लेक. ती बोलताना अडखळायची. आईशी कधीच नाही, आईशी तिचं बोलणं नळाच्या पाण्यासारखं वाहायचं. बापासमोर मात्र पहिल्या अक्षराला गाडी अडायची, आणि बाप मिटक्या मारत तिची नक्कल करायचा. पाहुणे असले की जास्तच रंगात यायचा. "आमची गाडी थंडीत सुरू होत नाही, धक्का मारा जरा!" एकदा लेकीनं आपल्या ऑफिसातल्या माणसांना घरी जेवायला बोलावलं. जेवण झाल्यावर ती आभाराचे चार शब्द बोलायला उभी राहिली, अडली, आणि बापानं तिच्याच आवाजात ते वाक्य पुरं केलं. तिच्या साहेबबाईलासुद्धा हसू आवरलं नाही. महिन्याभरात लेकीनं दुसऱ्या शहरात बदली मागून घेतली. जाताना आईला एवढंच म्हणाली, "बाबा माझी माफी मागतील, त्या दिवशी येईन."

त्याला वर्षं लोटली. दर शुक्रवारी जेवणाच्या सुट्टीत कारखान्यातला फोन वाजायचा आणि काका ओरडायचे, "बाई, लेक!" ती रंगाचे हात तसेच घेऊन धावायची. तेवढ्या फोनवर तिचा आठवडा निघायचा. तिला आयुष्यात आणखी काही नको होतं. लेकीनं एकदा उंबरठ्याच्या आत यावं, आपल्या हातचं जेवावं, स्वतःच्या खाटेवर झोपावं, बस्स.

आणि एका रविवारी सकाळी नवऱ्यानं स्वतःची जीभ चावली.

सदऱ्याचं बटण लावलेलं नाही म्हणून तो तिच्या माहेरच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होता. तिच्या आईपर्यंत पोचला आणि कचकन जीभ दाताखाली आली. रक्त बघून गडी घाबरला. खिडकीपाशी आरसा नेला, रुमालानं जीभ धरून बाहेर ओढली आणि बघता बघता त्याचा चेहरा उतरला. चावल्याची जखम पुढे होती. मागे, कडेला, त्याला दुसरंच काहीतरी दिसलं होतं.

"अगं, इकडे ये," तो म्हणाला. "हे काय झालंय बघ."

लग्न झाल्यापासून इतक्या मऊ आवाजात त्यानं तिला हाक मारली नव्हती. तिनं बॅटरी आणली, उजेड टाकला आणि आपण घातलेली शिवण ओळखावी तसं तिनं ते ओळखलं. अहो, हे सगळ्यांना असतं, असं म्हणायला तिनं तोंड उघडलंही. पण तिची नजर त्याच्या डोळ्यांकडे गेली. ते डोळे गयावया करत होते. तिला ते फार छान वाटलं.

"पर्णाकार अंकुर," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"पानांसारखे उभे असतात. दोन्ही कडांना आहेत."

"दोन्ही? तू... तू कारखान्यात बघितलेत असे?"

"रोज बघते."

"मग त्या माणसांचं पुढे काय होतं?"

"त्यांचं पुढचं मला कोण सांगणार?" ती म्हणाली आणि बॅटरी बंद केली.

यात एक अक्षर खोटं नव्हतं. 'सगळ्यांना असतात' एवढे दोन शब्द तिनं गिळले, आणि ते तिला गोड लागले.

पुढचे दिवस काय सांगावेत! वाघाची शेळी झाली. चहा पाणचट असला तरी मुकाट पोटात जायला लागला. एके दिवशी तिनं मुद्दाम सूपमध्ये मीठ जास्त टाकलं, तेही त्यानं भांडं पुसून प्यायलं. रोज सकाळी तो खिडकीपाशी जीभ काढून उभा राहायचा. "वाढलंय का गं?" दिवसभर बोटानं चाचपून चाचपून त्यानं ती कड सुजवून ठेवली होती. "लालसर झालंय," ती म्हणायची, आणि न्हाणीघरात जाऊन, नळ सोडून, पोट दुखेपर्यंत हसायची. डॉक्टरचं नाव काढलं की त्याला कापरं भरायचं. ते जीभ कापतात, तो म्हणायचा, आणि ती म्हणायची, "तुमची मर्जी." वाईट होतं हे? होतंच. पण इतकी वर्षं तिनं गिळलेलं सगळं आता वर येत होतं, आणि त्याला बांध घालायची तिला मुळीच इच्छा नव्हती.

मग एका संध्याकाळी त्याच्या डोळ्यांत पाणी बघून ती म्हणाली, "बोलता येतंय तोवर लेकीला फोन करा."

त्यानं केला. ती दाराआड उभी राहिली. "बाळा, मी चुकलो," तो म्हणाला. "माझ्या जिभेनंच माझा घात केला." पलीकडून लेक अडखळत होती. तो थांबला. पहिल्यांदा तो तिचं वाक्य पुरं होईपर्यंत थांबला. दाराआड ती पदर तोंडात कोंबून रडली.

लेक आली. जेवली, स्वतःच्या खाटेवर झोपली. बापाला भात कुस्करून दिला. तो हळूहळू बोलायचा आणि तिचं शांतपणे ऐकायचा, आणि तिसऱ्या दिवशी ती त्याच्याशी न अडता बोलायला लागली. आई स्वयंपाकघरातून ते ऐकत उभी राहायची आणि चुलीवरचं करपायचं.

"उद्या सकाळी डॉक्टरकडे जायचंय," लेक म्हणाली. "वेळ घेतलीय मी."

लेक त्याला डॉक्टरकडे नेईल, हे आईच्या ध्यानातच आलं नव्हतं. "एवढी घाई कशाला? दोन दिवस थांबू."

"आई, तू इतके दिवस थांबलीस तरी कशी?"

आता सांगावं. आत्ताच सांगावं. ती पुढे झाली, तेवढ्यात लेक तिच्या गळ्यात पडून म्हणाली, "मी इकडे बदली मागितलीय. परत येतेय मी, कायमची." आईनं उघडलेलं तोंड मिटलं. उद्याचं उद्या बघू, असं तिनं मनाला समजावलं. हाव वाईट.

डॉक्टरांनी जीभ बघितली, चिमट्यानं इकडेतिकडे केली आणि हसले. "काही झालेलं नाही. उगाच चाचपत बसलात म्हणून सूज आहे." त्यांनी टेबलावरचा नमुना पुढे ओढला. मोठी, गुलाबी, प्लॅस्टरची जीभ. तिनं आपली रंगाची धाटणी लांबूनच ओळखली. कडेच्या घड्या ती नेहमी जरा जास्त गुलाबी करायची.

"हे बघा," डॉक्टर पेनानं दाखवत म्हणाले, "यांना पर्णाकार अंकुर म्हणतात. सगळ्यांना असतात."

गोडबोल्यानं नमुन्याकडे बघितलं. खाली चिकटवलेलं कारखान्याचं नाव वाचलं. मग सावकाश मान वळवून बायकोकडे बघितलं. ती आपल्या चपलांकडे बघत होती.

घरी आल्यावर लेक दारातच थांबली. "तु... तु... तुला माहीत होतं?"

लेक आईसमोर अडखळली होती.

"मी खोटं नाही बोलले गं. तू यावीस म्हणून..."

"बा... बाबा माझी नक्कल करायचे ना, ते सगळ्यांसमोर. तू तर ल... लपून..." वाक्य पुरं होईना. आई वाट बघत राहिली. लेकीनं हात झटकला आणि तोंड फिरवलं.

आता हा माणूस फाडून खाणार, असं बायकोला वाटलं. पण गोडबोल्या ओरडला नाही. समोर गिऱ्हाईक उभं असताना दुकानदार कधी ओरडतो का? तो लेकीजवळ गेला, तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि म्हणाला, "राहू दे बाळा. आईला बोलू नकोस. तिला बिचारीला काय कळतं? मी माफ केलं तिला." हा आवाज बायकोनं ओळखला. दुकानातला होता. लेकीनं तो आवाज जन्मात ऐकला नव्हता, ती त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून रडायला लागली.

बदली तिनं रद्द करून घेतली. शुक्रवार आले आणि गेले. जेवणाच्या सुट्टीत बायको कारखान्यातल्या फोनशेजारी डबा घेऊन बसायची, आणि काका दुसरीकडे बघत घास घ्यायचे.

घरचा फोन मात्र दर रविवारी वाजतो. तोच उचलतो. "बोल बाळा. सावकाश बोल, मला कसली घाई आहे? आई? आहे की. कामात आहे गं, तिला कुठला वेळ."

ती त्याच्यासमोर ओले हात घेऊन उभी असते.

फोन ठेवला, की तो तिच्याकडे बघून जीभ बाहेर काढतो. रुमालानं धरून ओढतो, पार मागची कड दिसेपर्यंत, आणि विचारतो, "बघ गं, वाढलंय का?"