नादमणी आणि मिनाचे कान

सेनगाव तालुक्यातल्या आमच्या बंजारा तांड्यावर त्या गुरुवारी पाय ठेवायला जागा नव्हती. दहा गावांहून जीपगाड्या भरून माणसं आली होती आणि प्रत्येकाने काहीतरी बिघडलेलं सोबत आणलं होतं: कोणाचा कान, कोणाची वाचा, कोणाची उलट बोलणारी सून. मध्यभागी लाकडी तख्त, त्यावर जमिनीपर्यंत लोंबणारी भगवी चादर, चादरीवर नारळाएवढा काळा दगड, आणि दगडामागे नादानंद महाराज.

"हा दगड नाही, नादमणी आहे!" महाराज गरजले. "ब्रह्मदेवाने पहिला शब्द उच्चारला, तो या मण्यात कोंडलाय. पुण्यवानाला हा ऐकू येतो, पाप्याला नुसता दगड दिसतो. अमेरिकेचे शास्त्रज्ञ सात दिवस याला कान लावून बसले आणि आठव्या दिवशी मराठी बोलायला लागले!"

लोकांनी माना डोलावल्या. मी इथल्या शाळेत नऊ वर्षं विज्ञान शिकवते. त्या डोलणाऱ्यांत माझे जुने विद्यार्थीही होते, म्हणजे माझाही निकाल तिथेच लागला.

तांड्यावरच्या बेबीबाईने आपल्या चार वर्षांच्या लेकीला, मिनाला, तख्तावर बसवलं. मिना जन्मापासून बहिरी. नांदेडच्या डॉक्टरांनी कानाचं ऑपरेशन सांगितलं होतं, आणि उशीर केला तर बोलणं शिकायचं वय निघून जाईल हेही बजावलं होतं. आठ महिन्यांपूर्वी महाराज पहिल्यांदा इथे आले आणि पहिली तारीख त्यांनी बुडवली. 'कानात लोखंड गेलं की मणी रुसतो' म्हणे. दुसरी तारीख येत्या सोमवारी होती आणि बेबीबाई तीही सोडायला निघाली होती. म्हणून मी त्या गर्दीत उभी होते.

महाराजांनी मण्याला चांदीची कांडी टेकवली. खोल, घुमणारा आवाज निघाला. मिना चमकली, हसली, टाळ्या पिटू लागली.

"ऐकलं! लेकरानं ऐकलं!" गर्दी ओरडली.

"बेबीबाई, सोमवारी नांदेडला जायचं ना?" मी विचारलं.

"काहून जायचं, मॅडम? आठ महिन्यांपासून पोरगी ऐकून राहिली. आमी काय येडे हाव का? आमी बी पारख केली. तिच्या बापानं पाठीमागून नगारा वाजवला. बराबर वळली!"

नगारा! होळीला ज्याच्या तालावर अख्खा तांडा नाचतो, तो. तो वाजला की माझ्या वर्गाच्या खिडक्या थरथरतात आणि माझ्या पोटात धडधडतं. कान तपासायला यांना घरात तेवढंच सापडलं.

शिवाय एक गोष्ट मी पाहिली होती. आवाज झाला तेव्हा सगळे दगडाकडे बघत होते. मिनाने मात्र बुडाखालच्या फळीकडे पाहिलं होतं.

मी पाण्याने भरलेला पेला तख्तावर ठेवला आणि महाराजांना पुन्हा कांडी टेकवायला सांगितलं. लोक बघत होते, नाही म्हणायची सोय नव्हती. आवाज झाला आणि पेल्यातलं पाणी थरथरलं.

"नाईक, चादर उचला," मी तांड्याचे नाईक अमरसिंग यांना म्हणाले.

"खबरदार! उचलणाऱ्याच्या सात पिढ्या मुक्या होतील!"

"होऊ द्या म्हाराज," नाईक म्हणाले. "सात पिढ्या लई बोलल्या. आता जराशा गप बसू द्या."

चादरीखाली वरातीत वाजतात तसले दोन मोठे स्पीकर होते, बॅटरी होती, आणि वायर थेट महाराजांच्या मांडीखालच्या बटणापर्यंत गेली होती. दगड सिद्धेश्वरच्या धरणाकाठी पोत्याने मिळतील तसला. खर्जातल्या आवाजाने फळी हादरायची, आणि ते हादरणं मिनाला अंगात जाणवायचं. नगाऱ्याचंही तेच. कानाचा त्यात काही संबंध नव्हता.

पाच मिनिटांपूर्वी पायावर डोकं ठेवणारे आता पायातलं हातात घेऊन धावले. महाराज मार खाता खाता मला म्हणाले, "बाई, मी कोणाचं काय कापलं? आठ महिने त्या आईला सुख दिलं. तुमचा डॉक्टर देतो का?"

बेबीबाई जागची हलली नव्हती. "त्याचं आसंल खोटं. पण माझी पोरगी ऐकती."

पुढचं मी तिला घरी नेऊन, दार लोटून दाखवायला हवं होतं. पण मला राग आला होता, आणि गर्दीसमोर जिंकायची चटकही लागली होती.

मी सगळ्यांना गप केलं. मिना तख्तावर शेंगा सोलत बसली होती. "मागून हाक मार," मी बेबीबाईला म्हणाले. "फळीला हात लावू नकोस."

"मिना."

मिनाने शेंग फोडली.

"मिना! ए मिना! याडीकडं बघ गं!" याडी म्हणजे इथल्या बोलीत आई. पाचव्या हाकेला तिचा आवाज फाटला. गर्दीत कोणीतरी फिसकन हसलं. बेबीबाईने कोसळत फळीवर हात आपटला.

मिना लगेच वळली आणि हसून तिने आईपुढे शेंग धरली.

"आठ महिने पोरगी ऐकत व्हती, मॅडम," बेबीबाई म्हणाली. "तुमी तिला आज बहिरी केली."

सोमवारी मात्र ती नांदेडला आली. जीपमध्ये ती माझ्याकडे पाठ करून बसली.

डॉक्टर म्हणाले, "ऑपरेशननंतर ऐकू येईल. बोलणं किती येईल, सांगता येत नाही. पहिल्या तारखेला आणायला हवी होती."

"आणली आसती तर 'याडी' म्हणली आसती का?" बेबीबाईने विचारलं.

"बहुतेक," डॉक्टर म्हणाले.

म्हणून हात जोडून सांगते. चमत्कार दिसला की आधी चादरीखाली बघा. लेकराचा कान तपासायचा असेल तर मागे जमिनीवर उभे राहा, काही बडवू नका, नुसती हाक मारा. वळलं नाही तर त्याच दिवशी दवाखाना गाठा. बेबीबाईची चूक मूर्खपणाची नव्हती. तिने पारख केली होती, फक्त चुकीची केली होती, आणि त्याची शिक्षा मिना भोगणार आहे.