वहिनींचं अक्षर

धाकटा गाडी चालवायचा आणि थोरला रस्ता वाचायचा. रॅलीच्या जगात त्या दोघा भावांना नावानं कुणी हाक मारत नसे. वेळ नोंदणाऱ्या माणसापासून टायर बदलणाऱ्या मिस्त्रीपर्यंत सगळ्यांच्या तोंडी थोरला आणि धाकटाच.

रॅलीत गाड्या एकमेकींना घासत पळत नाहीत. जंगलातला नाहीतर डोंगरातला एखादा रस्ता बंद करतात आणि एकेक गाडी एकेका मिनिटानं सोडतात. शर्यत असते ती घड्याळाशी. पुढचं वळण दिसेपर्यंत थांबलं तर उशीर झालेला असतो, म्हणून चालवणाऱ्याच्या शेजारी मांडीवर वही घेऊन दुसरा माणूस बसतो. दोन दिवस आधी दोघं त्याच रस्त्यानं सावकाश जाऊन वळणन् वळण टिपून ठेवतात. एक म्हणजे गाडी जवळजवळ उलटी फिरवणारं वळण, सहा म्हणजे नावापुरतं, आणि ‘कापू नको’ म्हणजे वळणाच्या आतल्या कडेवरून जायचं नाही. ‘शंभर, उजवा चार, चढावर पूर्ण, डावा दोन, कापू नको.’ थोरला हे बातम्या वाचल्यासारखं एका सुरात वाचत जाई. चढावर पलीकडचं काही दिसत नसतानाही तो ‘पूर्ण’ म्हणाला की धाकटा पाय पूर्ण दाबून ठेवी. दादा म्हणाला ना, मग पलीकडे रस्ता असणारच.

थोरला पेशानं जमिनीची मोजणी करणारा. आठवडाभर लोकांच्या कुंपणांची भांडणं मोजून तो इतका कंटाळे, की गाडीत बसणं ही त्याची विश्रांती होती. धाकट्याचं मात्र चाकांखेरीज कशातच मन रमलं नाही. अठराव्या वर्षी तो एका बेकरीची गाडी चालवत असे. पाव गरम असतानाच पोचतात म्हणून गिऱ्हाइकं खूश आणि केक आडवे होऊन पोचतात म्हणून मालक नाखूश. तिथून तो टायरच्या कारखान्यात नवे टायर चालवून बघायच्या कामावर लागला आणि तिथूनच एका संघानं त्याला उचललं. करारावर सही करताना त्यानं एकच अट घातली, वही दादाच्या मांडीवर असेल. ती अट अकरा वर्षं टिकली.

या जोडीत तिसरं एक माणूस होतं, ते कुणाला दिसत नसे. थोरल्याचं अक्षर म्हणजे कोंबडी शाईत नाचलेली. त्यामुळे टिपणं घेऊन आले की संध्याकाळी वहिनी ती पक्क्या वहीत उतरवून काढत. त्या शाळेत भूगोल शिकवायच्या. पट्टीनं समास आखून, वळणं काळ्या शाईत आणि धोके लाल शाईत, असं त्यांचं काम. धाकटा चेष्टेनं म्हणायचा, “वहिनी, एवढी सुंदर वही चिखलात न्यायची म्हणजे जिवावर येतं.” वहिनी म्हणायच्या, “भाऊजी, चिखलातून आणलीत तर मी परत लिहीन. तुम्ही दोघं तेवढे धड या.”

एका वर्षी ते धड आले नाहीत. शेवटच्या दिवशी, दगडी पुलाआधीच्या डाव्या वळणावर गाडी रस्ता सोडून खाली गेली, तीनदा उलटली आणि थोरल्याच्या बाजूनं झाडावर आदळली. धाकट्याचं मनगट मोडलं. थोरल्याच्या पाठीचे दोन मणके गेले. गाडीतला कॅमेरा पहिल्याच आदळण्यात फुटला होता, म्हणून चौकशी समितीचा माणूस चौथ्या दिवशी वही-पेन घेऊन इस्पितळात आला. थोरला उताणा पडल्या पडल्या म्हणाला, “चूक माझी. वळण दोन होतं, मी तीन वाचलं.”

धाकटा खाटेच्या पायथ्याशी उभा होता. त्यानं तोंड उघडलं. थोरल्यानं त्याच्याकडे नुसतं बघितलं. लहानपणी फुटलेल्या काचेसमोर उभं असताना ‘तू गप्प बस, मी बघतो’ म्हणून बघायचा, तसंच. आणि चाळिशीला टेकलेला धाकटा तेव्हासारखाच गप्प बसला. दादा उठून बसला की सांगू, असं त्यानं स्वतःला समजावलं. दादा उठून बसला. मग दादा चालायला लागला की सांगू, असं ठरलं. दादा काठी घेऊन चालायलाही लागला. नंतर सांगायला निमित्तच उरलं नाही.

त्यानंतर धाकट्याच्या शेजारी दोन जण बसून गेले. दोघंही निष्णात. पण चढ आला की धाकट्याचा पाय आपोआप वर यायचा. पहिल्या पाचांत असणारी गाडी विसाव्या नंबरावर आली. संघाच्या मॅनेजरनं शेवटी स्पष्टच विचारलं, “तुला चालवायचंय की नाही?”

एका रविवारी दुपारी धाकटा भावाच्या घरी आला आणि म्हणाला, “दादा, मी सोडतोय.”

थोरला खिडकीशी, पाठीला पट्टा बांधून बसला होता. तो काही बोलायच्या आत टेबलावर पेपर तपासत बसलेल्या वहिनी म्हणाल्या, “मी बसते शेजारी.”

दोघा भावांना वाटलं, चेष्टा. वहिनींनी लाल पेनाला टोपण लावलं. “अकरा वर्षं त्या वह्या मी लिहिल्यात. रस्ते पाठ आहेत मला. आणि चाळीस पोरांच्या गोंगाटात आवाज कसा पोचवायचा ते तुम्ही मला शिकवू नका.”

“अगं, उलटी होते तुला बसमध्ये,” थोरला म्हणाला.

“होईल. पिशवी ठेवीन.”

रॅलीत बसायचा परवाना काढायला आणि सराव करायला तीन महिने लागले. पहिल्या सरावाला हेल्मेटमधल्या माइकवरून आवाज आला, “भाऊजी, आता थोडं डावीकडे वळायचंय हं, जपून.” तोवर ते वळण मागे जाऊन गाडी गवतात उभी होती. घरी थोरला पोट धरून हसला, पाठ दुखेपर्यंत. मग रोज संध्याकाळी त्यानं शिकवणी घेतली. जेवणाच्या टेबलाशी दोन खुर्च्या शेजारी शेजारी, धाकट्याच्या हातात ताटली स्टिअरिंगसारखी, आणि वहिनी वाचायच्या. दीर म्हणून मान ठेवायला गाडीत वेळ नसतो, हे थोरल्यानं त्यांना दहादा सांगितलं. त्या वाचण्यात तरबेज झाल्या, पण ‘भाऊजी’ काही सुटेना.

अपघाताला चौदा महिने झाले तेव्हा तीच रॅली पुन्हा आली, आणि तोच रस्ता. टिपणं घ्यायला दोघं साध्या गाडीतून निघाले. दगडी पुलाच्या अलीकडे वहिनी म्हणाल्या, “इथं थांबवा.”

धाकट्यानं गाडी कडेला घेतली. पुढे ते डावं वळण. झाडाच्या सालीवर पांढरा ओरखडा अजून होता. वहिनींनी पिशवीतून जुनी वही काढली, एका कोपऱ्याशी चुरगळलेली, वाळलेल्या चिखलाची. खूण ठेवलेलं पान उघडून त्यांनी ती त्याच्यापुढे धरली आणि एका ओळीखाली बोट ठेवलं.

“खरं सांगा भाऊजी. हा दोन वाटतो की तीन?”

धाकट्याला क्षणभर कळेना. “म्हणजे?”

“दोनला खाली एक वळसा जास्त पडला की तीन होतो. त्या दिवशी शाळेतून दमून आले होते. घाईत लिहिलं असणार मी.” त्यांचा आवाज शांत होता. “ह्यांना विचारलं तर म्हणतात, अक्षर उत्तम होतं, माझी नजर चुकली. ते मला बरं वाटावं म्हणून म्हणतात. अकरा वर्षांत त्यांची नजर कधी चुकली नाही. तुम्ही तरी खरं सांगा. चौदा महिने मी फळ्यावर दोन काढते आणि पोरांना विचारते, हा दोनच दिसतोय ना रे? पोरं हसतात.”

धाकट्यानं पानाकडे पाहिलं. दोन होता. पाटीवर गिरवायला द्यावा इतका स्वच्छ दोन.

 आपण गप्प बसलो ते दादाच्या शब्दासाठी, असं तो समजत होता. त्या गप्प बसण्याखाली आणखी कुणी दबलंय, हे त्याच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

“वहिनी,” तो म्हणाला, “दोन आहे. दादानं दोनच वाचलं. दोनदा वाचलं. मी ऐकलं. त्याच्या आदल्या वर्षी मी ते वळण जोरात काढलं होतं, आणि आम्ही चार सेकंद मागे होतो. मला वाटलं, निघेल. दादाची चूक नाही. तुमची तर नाहीच.”

वहिनी दार उघडून उतरल्या, त्या झाडापर्यंत चालत गेल्या आणि पाठमोऱ्या उभ्या राहिल्या. धाकटा स्टिअरिंगवर हात ठेवून बसून राहिला. शिव्या दिल्या असत्या तर त्याला सोपं गेलं असतं. बऱ्याच वेळानं त्या परत आल्या. डोळे लाल होते. पट्टा लावून त्यांनी नवी वही उघडली.

“डावा दोन,” त्या म्हणाल्या आणि लिहिलं. “चला पुढे. अजून नऊ किलोमीटर आहेत.”

उरलेली वळणं त्यांनी एकेक करून टिपून घेतली. घरी पोचल्यावर मात्र त्यांनी पिशवी खाली ठेवली ती थेट नवऱ्यासमोर.

“तुम्ही खोटं बोललात.”

थोरल्यानं धाकट्याकडे बघितलं आणि सगळं ओळखलं. “त्याचा परवाना गेला असता गं. त्याला दुसरं काय येतं?”

“आणि माझं अक्षर? ते गेलं त्याचं काय?”

थोरला चकित झाला. हिशेब त्यानं सगळ्यांचा धरला होता. स्वतःची पाठ, भावाची नोकरी. शेजारी झोपणाऱ्या बायकोचं मन एक आकडा कुरतडत असेल, हे त्याच्या मोजणीत आलंच नव्हतं. “तू कधी बोलली नाहीस,” तो हळूच म्हणाला.

“तुम्ही दोघं कुठे बोललात? मुक्यांचं घर आहे हे!” एवढं बोलून वहिनी खुर्चीत बसल्या आणि रडायला लागल्या. मध्येच हसायलाही लागल्या. थोरला काठी न घेताच उठला, भिंत धरून दोन पावलं आला आणि त्यांच्या डोक्यावर हात ठेवून उभा राहिला. पाठ ताठ ठेवायची म्हणून त्याला खाली वाकताही येईना. धाकट्यानं काठी उचलून आणली, पण ती कुणाच्या हातात द्यावी ते त्याला कळेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो चौकशी समितीच्या कचेरीत गेला आणि घडलं ते लिहून दिलं. थोरल्यानं अडवायचा प्रयत्न केला. धाकटा म्हणाला, “दादा, काच मी फोडलीय. आता तू गप्प बस.” समितीनं त्याला आठ महिने बंदी घातली. मॅनेजर म्हणाला, माझी गाडी आठ महिने थांबणार नाही, आणि त्याचंही बरोबर होतं. धाकटा परत टायरच्या कारखान्यात रुजू झाला. संध्याकाळी ताटलीचं स्टिअरिंग चालूच राहिलं. संघाच्या मिस्त्रीची तीस वर्षं गाड्यांखाली काम करण्यात गेली होती. तो म्हणाला, “एक जुनी गाडी आहे माझ्याकडे. जिंकणार नाही, पण तुटणारही नाही.”

बंदी संपल्यावर ते एका लहान रॅलीत उतरले. पाइनच्या जंगलातला रस्ता, वर-खाली, वर-खाली. पहिल्या चढाला वहिनींनी वाचलं, “चढ, पूर्ण.” धाकट्याचा पाय वर आला. दुसऱ्या चढाला तेच. तिसरा चढ आला तसा कानात वर्गातला आवाज कडाडला, “अरे, पूर्ण म्हणजे पूर्ण! वाचतेय ना मी? दाब!”

लग्न होऊन घरात आल्यापासून त्यांनी त्याला कधी ‘अरे’ म्हटलं नव्हतं. धाकट्याचा पाय जागच्या जागी राहिला. गाडी चढावरून सुटली, क्षणभर चाकांखालचा आवाज बंद झाला, नुसतं आभाळ दिसलं, आणि मग खाली रस्ता होता. वहीत लिहिला होता तिथेच.

“उजवा चार,” वहिनी म्हणाल्या, आणि पुढचे अकरा किलोमीटर त्यांचा आवाज कुठेही अडखळला नाही. शेवटच्या रेषेपलीकडे गाडी थांबली तेव्हा मात्र त्या दार उघडून पळाल्या आणि झाडामागे पोटातलं सगळं बाहेर काढलं. तोंड पुसत आल्या आणि विचारलं, “वेळ किती?”

चाळीस गाड्यांत ते सातवे आले होते. मिस्त्रीनं टोपी आभाळात फेकली, ती फांदीवर अडकली.

थोरल्याला तिथवर येणं झेपलं नव्हतं. तो घरी सूप करून वाट बघत होता. दोघं आत शिरल्या शिरल्या त्यानं अभिनंदन वगैरे काही केलं नाही. ताटं मांडली, खुर्चीत बसला आणि म्हणाला, “वाच.”

वहिनींनी वही उघडली आणि सुरुवातीपासून वाचायला घेतलं. थोरला डोळे मिटून ऐकत होता. उजवं वळण आलं की त्याचे खांदे किंचित झुकत, चढ आला की हनुवटी वर होई. धाकटा त्याच्याकडे बघत होता आणि सूप गार होत होतं. मध्येच थोरल्यानं डोळे उघडले.

“थांब. तिथं चार कसा? ओढा ओलांडल्यावर? तिथं मी तीन दिला असता.”

“तुम्ही बघितलाय का तो रस्ता?”

“नकाशा बघितलाय!”

“मी रस्ता बघितलाय. चार आहे. विचारा भाऊजींना.”

दोघंही धाकट्याकडे वळले. त्यानं पावाचा तुकडा सुपात बुडवला आणि सांगितलं की त्याला जे वाचून दाखवतात तसं तो चालवतो, त्यापलीकडचं त्याला काही विचारू नये. थोरल्यानं काठीनं टेबलाखाली त्याच्या नडगीवर एक टोला दिला. वहिनींनी पान उलटलं आणि पुढे वाचायला लागल्या.