दोन राण्यांची कचेरी

रानातल्या सात गावांच्या जमीनदारीला तिचे जमीनदार ऐटीत ‘आमचा देश’ म्हणत. जमीनदारी बुडाली, जमीनदार वारले, आणि बावन्न साली मागे उरली ती राजधानीतली कचेरी. म्हणजे सागाच्या बारा खांबांवर गवताचं एक प्रचंड छप्पर, रस्त्याच्या बाजूला उतरती पडवी. शिवाय लटारू चौकीदार.

इमारतीचा इतिहास लिहायला चांद्याहून देवतळे नावाचा तरुण कारकून आला. आल्या आल्या त्यानं लटारूला सांगितलं, “पक्की जागची इमारत असेल तर सरकार चौकीदार ठेवील. नाहीतर सामान म्हणून लिलाव.”

लटारू घाईघाईनं म्हणाला, “पहाडावानी हाय जी. बांधली तवापासून जाग्यावर.”

“काऊन खोटं बोलता, लटारूभाऊ?” तळ्यावरून मासे घेऊन येणारा म्हातारा सुकलू थबकला. “अकरा खेपा तं मी सोताच उचलली!”

लटारूनं डोळे वटारले, पण सुकलूला थांबवणार कोण? जमीनदारांना दोन राण्या, दोन गावांत. थोरली रुसली की मालक इथून धाकटीच्या गावी जात आणि मागोमाग कचेरीही; रुसवा सुटला की परत. खांब त्यांनी दोन्ही गावांत रोवून ठेवले होते. छप्पर तेवढं चाळीस खांद्यांवरून जायचं.

“अशक्य,” देवतळे म्हणाला.

हा शब्द सुकलूला झोंबला. त्यानं तळ्याकडे तोंड करून हाळी दिली. जाळी टाकून, चिखलाच्या पायांनी सारं गाव धावत आलं आणि लटारू “नका रे, बापा!” म्हणेपर्यंत सरकारी इमारत हवेत होती.

“कुठी नेऊ, साहेब?” छपराखालून सुकलूचा आवाज आला.

देवतळे छपराकडे धावला. विनापरवाना सरकारी इमारत हलवल्याचा ठपका आता त्याच्यावरच येणार होता. “होती तिथे ठेवा!”

“तसं नाई चालत. उचललेली तशीच खाली ठेवली तं रुसलेली राणी हासते. कुठी तरी न्याच लागते.”

“अहो, राण्या आता आहेत कुठे?”

“रीत तं हाय ना!”

खांदे डुगडुगायला लागले. देवतळेनं लटारूचा हात धरला. “भाऊ, काहीतरी करा!”

लटारूनं वहीकडे बोट दाखवलं. “करतो जी. पन आंधी लिवा. इमारत जागची. चौकीदार पायजे.”

देवतळेनं गुडघ्यावर वही ठेवून लिहिलं. सही केली.

“चला रे, धाकटीच्या गावाले!” लटारू पुढे झाला. वरात गावाबाहेरच्या चिंचेपर्यंत गेली. तिथे त्यानं थोरलीच्या वतीनं रुसवा सोडला, सगळ्यांना छपरासकट वळवलं आणि मागच्या वाटेनं परत आणलं. छप्पर धपकन खांबांवर बसलं.

फक्त रस्त्याकडची पडवी आता मागे, तळ्याच्या अंगाला गेली होती. लटारू मागे चालत गेला आणि पडवीसमोर, म्हणजे आता पुढच्या बाजूला, ताठ उभा राहिला.