कालनाद मंडळाचा नादकाटा

मी एक जुना नादकाटा आहे. पोलादाची दोन पाती, त्यांना जोडणारा सांधा आणि खाली धरायला दांडी, एवढाच माझा देह. रबरी हातोडीने हलकेच ठोकले की मी एक सूर देतो. मित्रांनो, तो सूर खोटा आहे. हे आधीच सांगतो, नाहीतर तुम्हीही माझ्या पाया पडाल.

अवजारे घडवणाऱ्या एका कारागिराने मला आणि माझ्या जुळ्या भावाला एकाच सळईतून घडवले. आमचे सूर त्याने असे जुळवले की दोघे एकदम वाजलो तरी एकच वाजतो आहे असे वाटे. "आता यांना पुन्हा घासू नका," एवढेच त्याने बजावले. आम्हाला न्यायला आले होते कालनाद मंडळाचे विद्वान. काळाला स्वतःचा एक सूर असतो, सारे विश्व त्या सुरावर चालते आणि तो हळूहळू बदलत जातो, असे त्यांचे म्हणणे. तो बदल मोजायला स्वतः न बदलणारे काहीतरी हवे होते. तो मान मला मिळाला. भावाला पडताळ्यासाठी म्हणून पेटीत ठेवून वर लाखेची मोहोर लावली.

मंडळाच्या प्रमुखांना सगळे थोरले म्हणत. ऐकण्याचे काम त्यांच्या धाकट्या बहिणीकडे होते, म्हणून तिचे नाव पडले कानबाई. सभागृहातल्या घंटेचा सूर म्हणजेच जगाचा सूर, असे मंडळ मानी. रोज सकाळी साडेसातला ती घंटा वाजे आणि त्याच क्षणी कानबाई मला ठोके. दोन सूर किंचित वेगळे असले की हवेत एक थरथर उठते. ती मोजून कानबाई वहीत लिही. जिवाचा कान करून ऐकायची ती. पंख्याचा आवाज नको म्हणून भर उन्हाळ्यात घामाने निथळत बसायची. अंगात ताप असतानाही तिने मोजणी चुकवली नाही. अशी तिने एकतीस वर्षे काढली.

दर महिन्याच्या पहिल्या तारखेला माझी 'शुद्धी' होई. पॉलिश पेपरची पट्टी सांध्यात घालून थोरले मला स्वतः चकचकीत करत. किती प्रेमाने! माझीही छाती फुगायची. पण नादकाट्याचा सांधा झिजला की त्याचा सूर उतरतो. इतक्या दिग्गजांत हे एकाच्याही डोक्यात आले नाही. कारागिराचे बोलणे तर ते केव्हाच विसरले होते.

वर्षानुवर्षे माझे आणि घंटेचे अंतर वाढत गेले. मंडळाने त्याचा अर्थ काढला की जगाचा सूर चढतो आहे, काळाची चाल वाढते आहे. थोरल्यांनी त्यावर जाडजूड ग्रंथ लिहिला. लांबलांबून लोक हात जोडून मला पाहायला येऊ लागले.

एका वार्षिक सभेत कानबाई उभी राहिली. "दादा, जग नाही चढलं. काटा उतरलाय. पहिल्या दिवशीचा सूर अजून माझ्या कानात आहे. पेटीतला काढ, दोन्ही वाजवून बघू."

"तायडे, वय झालं तुझं," थोरले हसले. "आपला कान गेला म्हणून काट्याला कशाला नावं ठेवतेस?"

सगळी सभा खो खो हसली. तिच्या हातून वही काढून घेण्याचा ठराव तिथल्या तिथे मंजूर झाला.

दुसऱ्या दिवशी दुपारी थोरले एकटेच आले. त्यांनी पेटीची लाख फोडली आणि आम्हा भावांना एकदम वाजवले. खोलीभर धडधड उठली. थोरल्यांचा चेहरा पांढराफटक पडला. मला वाटले, आता हे धावत जाऊन बहिणीला घेऊन येतील. ते धावत गेले खरे, पण कानस आणायला. माझ्या सख्ख्या भावाचा सांधा त्यांनी माझ्या डोळ्यांदेखत खरवडला, पुन्हा पुन्हा वाजवून पाहत, आमचे सूर जुळेपर्यंत. मग पेटीवर नवी लाख ओतून पुन्हा मोहोर उमटवली.

संध्याकाळी त्यांनी कानबाईला बोलावले आणि सर्वांसमक्ष मोहोर फोडली. "घे, तूच वाजव."

तिने आम्हाला वाजवले. एकच सूर निघाला, थरथर नाही की काही नाही. ती कानाची माणूस, आमच्या सांध्यांकडे तिने पाहिलेच नाही. ती खाली बसली.

"माझाच कान गेला रे दादा," ती म्हणाली. "मग इतकी वर्षं मी काय ऐकत होते?"

थोरल्यांनी तिच्या पाठीवर हात ठेवला. त्यांच्या नखांत पोलादाचा कीस होता.

आता तिच्या दाराची बेल वाजली तरी ती शेजारणीला हाक मारून विचारते, "वाजली का गं?" मंडळातले लोक ही गोष्ट चहा पिताना हसत हसत सांगतात. मी काचेखाली चकाकत ते ऐकत असतो.

मित्रांनो, मला घासूनपुसून ठेवा असे मी मुळीच म्हणणार नाही. ते फार झाले. ज्याला तुम्ही अचूक मानता, त्याला कधीतरी दुसऱ्याशेजारी ठेवून तपासा, आणि तपासा म्हणणाऱ्याला हसू नका. आणि कानबाई कुठे भेटलीच, तर तिला सांगा की बाई, तू बरोबर ऐकलं होतंस. मीच सांगितले असते. पण मला एकच सूर येतो, आणि तो थोरल्यांच्या बाजूने वाजतो.