सहाशे अकरा तांबड्या ओळी

दुरुस्तीवालीने बटण दाबलं आणि पडद्यावरच्या सहाशे अकरा तांबड्या ओळी एकेक करत हिरव्या व्हायला लागल्या. हे बघायला तिला फार आवडायचं. एरवी तिला चहा निवलेला चालायचा नाही, पण या वेळी कप तसाच राहिला तरी तिची तक्रार नसे.

काम तसं सरळ होतं. गेम बनवणाऱ्या कंपनीकडे अस्सल फाईलींची यादी असते आणि यादीत प्रत्येक फाईलीपुढे एक लांबलचक आकडा. फाईलीत कणभर जरी फरक पडला तरी तो आकडा बदलतो. आकडा जुळला तर ओळ हिरवी, नाही जुळला तर तांबडी. तांबडी फाईल काढून टाकायची आणि तिच्या जागी कंपनीची कोरी आणून बसवायची. अकरा वर्षं ती हेच करत आली होती. यादीशी जुळत नाही ती फाईल बिघडलेली, यात कधी शंका घ्यायची असते असं तिच्या डोक्यातही आलं नव्हतं.

काउंटरपलीकडच्या खुर्चीत ऑपरेटरबाई ताठ बसल्या होत्या. टेलिफोन ऑफिसात अठ्ठावीस वर्षं काढून निवृत्त झालेल्या. त्यांना दोन्ही डोळ्यांनी दिसत नव्हतं. शेजारी त्यांचा धाकटा भाऊ होता. त्याने संगणकाची पेटी चादरीत गुंडाळून उराशी धरून आणली होती, आणि आल्यापासून तो कंबर चोळत होता.

"डिस्क पार गेलेली होती, मावशी," दुरुस्तीवाली म्हणाली. "पण मी तिची नक्कल काढली, नक्कल नव्या डिस्कवर घेतली आणि गेम नव्यासारखा करून दिला. ज्याचा असेल त्याला सांगा, आता बिनधास्त खेळ."

"माझाच आहे," ऑपरेटरबाई म्हणाल्या. "हेडफोन देतेस जरा?"

दुरुस्तीवालीने भावाकडे पाहिलं. भावाने खांदे उडवले. या घरात आपलं काही चालत नाही, हे त्याने एवढ्यातच सांगून टाकलं.

गेम जुना होता. मारामारी फारशी नाही. एक खोरं, एक नदी, पलीकडे गाव, वर डोंगर. त्यात हिंडायचं, औषधी पाला गोळा करायचा, गावातल्या लोकांना नेऊन द्यायचा. ऑपरेटरबाईंनी हेडफोन कानाला लावले, बोटांनी कीबोर्ड चाचपला आणि चालायला सुरुवात केली. चार पावलं झाली. त्या थांबल्या. परत दोन पावलं. त्यांच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला.

"हे माझं नाही," त्या म्हणाल्या.

"हाच गेम आहे, मावशी. पडद्यावर नाव दिसतंय."

"नाव असेल. रस्ता कुठाय? पूल कुठाय? सगळीकडे एकच खसखस वाजतेय. मी कुठे उभी आहे तेच मला कळत नाही गं." त्यांनी हेडफोन काढून मांडीवर ठेवले. "किती फाईली बदलल्यास?"

"सहाशे अकरा."

"सहाशे अकराच होत्या माझ्या," ऑपरेटरबाई म्हणाल्या.

मग भावानेच ती हकीकत सांगितली. आठ वर्षांपूर्वी डॉक्टरांनी ताईला स्पष्ट सांगितलं होतं की दृष्टी जाणार, हळूहळू जाणार, फार तर चार वर्षं. घरातले सगळे हवालदिल झाले. ताईने मात्र दुसऱ्या दिवशी ध्वनिमुद्रणाचं एक छोटं यंत्र आणवलं. या गेममध्ये प्रत्येक जागेच्या आवाजाची फाईल वेगळी आहे, पण कंपनीने आळस करून पन्नास जागांना एकच आवाज चिकटवलाय, हे तिने कुठूनतरी शोधून काढलं होतं. ती एकेक फाईल काढत गेली आणि तिथे स्वतःचा आवाज भरत गेली. चार वर्षं.

"आम्हाला वाटलं, डोळ्यांबरोबर डोकंही चाललं," भाऊ म्हणाला. "घरातलं एक भांडं तिने सोडलं नाही. मला तर वाळूच्या परातीत नाचवलंन."

"नाचला कुठे? पाय ओढत चालला," ऑपरेटरबाई म्हणाल्या. "अजून घाटाच्या रस्त्याला तुझे पाय ओढलेले ऐकू येतात."

दुरुस्तीवालीला हसू आलं नाही. मग तिला आठवलं की नक्कल आहे. कितीही घाई असो, नक्कल काढल्याशिवाय ती कुठल्याही डिस्कला हात लावत नसे, आणि काढलेली नक्कल गिऱ्हाईक खूश होऊन जाईपर्यंत पुसत नसे. तिने सहाशे अकरा फाईली नकलेतून उचलल्या आणि जागच्या जागी परत ठेवल्या. यादी पुन्हा तांबडीलाल झाली.

"मावशी, मी आधी ऐकू?" तिने विचारलं.

"ऐक. पण डोळे मिटून. उघडे ठेवून काही कळायचं नाही."

तिने हेडफोन लावले आणि डोळे मिटले. तिसऱ्याच पावलाला ती नदीत पडली. बुडबुड ऐकून तिने घाबरून हात उचलले, आणि भाऊ खो खो हसला.

"डावीकडे खडी वाजली की उजवीकडे सरक," ऑपरेटरबाई शांतपणे म्हणाल्या. "उजवीकडे वाळू वाजली की डावीकडे. काहीच वाजलं नाही म्हणजे रस्त्याच्या मधोमध आहेस."

ती सरकली. खडी, मग काही नाही, मग वाळू, मग परत काही नाही. हळूहळू पायाखाली रस्ता आला. खरंच आला, याला दुसरा शब्द तिच्याकडे नव्हता. मग पोकळ लाकडाचा आवाज सुरू झाला, आणि पुलाच्या मध्याकडे तो जड होत गेला, पलीकडे परत हलका. पूल संपल्यावर दूर कुठेतरी पाण्यात बादली आपटली. विहीर त्या बाजूला. पुढे दारं होती, आणि एका दाराची कडी दुसऱ्यासारखी नव्हती. एक कडी करकरायची, एक खट्कन पडायची, एकीला दोनदा ढकलावं लागायचं. भिंतीजवळ गेलं की स्वतःचाच श्वास अंगावर यायचा. दुरुस्तीवाली एका घराला पूर्ण वळसा घालून पुन्हा विहिरीशी आली तेव्हा तिच्या अंगावर सरसरून काटा आला होता. तिने हा गेम किमान चाळीस संगणकांवर बसवला होता. ही विहीर आहे हे तिला आज कळत होतं.

तेवढ्यात डाव्या कानात कोणीतरी भयंकर घोरलं.

"अगंबाई!"

"लांडगा," ऑपरेटरबाई म्हणाल्या. "पळ."

"माझं घोरणं आहे ते," भाऊ ओशाळून म्हणाला. "विचारलंसुद्धा नाही हो हिने."

दुरुस्तीवालीने हेडफोन काढले. दुकान होतं तसंच होतं, टेबलावर पेचकस, स्टुलावर निवलेला चहा. तिला क्षणभर ते सगळं फार भडक वाटलं. एका बाईने एकटीने, दिवस मोजत, आख्खं खोरं कानांसाठी पुन्हा बांधलं होतं, आणि ते आपण एका बटणात पुसून टाकलं होतं. याचं तिला भय वाटलं आणि त्याहून जास्त नवल वाटलं.

पण डिस्क खरोखरच सडलेली होती, आणि बाईंच्या काही फाईली तिने खाल्ल्या होत्या. त्या कुठल्या, हे सांगायला कंपनीची यादी आता काही कामाची नव्हती. यादीच्या लेखी सगळ्याच खोट्या होत्या. कुठला आवाज धड आणि कुठला मोडका हे ओळखू शकेल असं जगात एकच माणूस होतं.

"मावशी, तुम्ही चाला," ती म्हणाली. "जिथे पाय अडेल तिथे सांगा. मी लिहून घेते."

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी सकाळी दहा ते पाच ऑपरेटरबाई चालल्या. दुकानाच्या दारावर 'आज बंद' ची पाटी लागली. पडद्याची कोणाला गरज नव्हती, म्हणून तो कागदाच्या गठ्ठ्यामागे ढकलून दिला. बाई प्रत्येक वाट, प्रत्येक दार, प्रत्येक ओटा तपासत होत्या.

"पाणवठ्याची तिसरी पायरी. फुटलाय आवाज."

"लिहिलं."

"सुताराच्या दाराची कडी. मध्येच गायब होते."

"लिहिलं. लांडगा?"

"लांडगा ठणठणीत आहे."

"तो कसला बिघडतोय," भाऊ पुटपुटला.

तेवीस आवाज मोडके निघाले. ते पुन्हा करण्यावाचून इलाज नव्हता. भावाला घरी पिटाळलं, आणि तो एक कुलूप, दोन झारे, पत्र्याचा डबा आणि कपाटाची निखळलेली फळी घेऊन आला. फळी कपाटाला होती तेव्हाच बरी होती, असं तो दोनदा म्हणाला. दुरुस्तीवालीने पंखा बंद केला. घाम गाळत तिघांनी तिसरी पायरी केली, कडी केली, ओल्या गवतातली पावलं केली. बाई प्रत्येक आवाज ऐकायच्या आणि मान हलवायच्या.

"नाही. डबा जरा तिरका धर. गेल्या खेपेला तिरका होता."

"चार वर्षांपूर्वी डबा तिरका होता हे तुला आठवतंय?" भाऊ म्हणाला.

"अठ्ठावीस वर्षं मी आवाजावरून माणसं ओळखलीत. डबा कोण लागून गेला?"

तिसऱ्या दिवशी दुपारी तेविसावी फाईल बसली. बाई भावाला घेऊन हात धुवायला मागे गेल्या, तेव्हा दुरुस्तीवालीने सवयीने शेवटची एक फेरी मारली. सगळ्या फाईली एकामागून एक उघडून पाहिल्या, आणि एक जागा राहिलेली सापडली. डोंगरमाथा. फाईल उघडत होती, पण आत काही नव्हतं. सलग शांतता. बाई माथ्यापर्यंत चढल्या नव्हत्या म्हणून निसटली असणार. आपल्या हातून सुटली नाही याचं तिला बरं वाटलं. कंपनीच्या मूळ फाईलीत तिथे वारा होता, चांगला भरदार वारा. तिने तो आणून बसवला. एवढ्या सगळ्या कामात आपलीही एक गोष्ट असावी, असंही तिला थोडं वाटलं असेल.

बाई परत आल्या, हेडफोन लावून चालायला लागल्या. पूल ओलांडला. विहिरीपाशी उगाच थोड्या थांबल्या, सुताराची कडी उघडून लावली आणि स्वतःशीच हसल्या. भाऊ खुर्ची जवळ ओढून बसला. मग त्या घाटाला लागल्या. तो चढ बराच लांब होता. दुरुस्तीवालीने तीन दिवसांच्या सवयीने दुसरे हेडफोन लावले होते, त्यामुळे तिलाही भावाचे ओढलेले पाय ऐकू येत होते. वळणावर एक पक्षी बोलला.

"झाली संध्याकाळ," बाई म्हणाल्या. "हा संध्याकाळचा आहे. बरोबर वेळेला आलो आपण."

शेवटची चढण संपली आणि वारा सुटला.

बाई थबकल्या. त्यांनी बोटं कीबोर्डवरून उचलली.

"हे काय वाजतंय?"

"वारा," दुरुस्तीवाली म्हणाली. "ती एक फाईल रिकामी निघाली, मावशी. तुम्ही नव्हता, म्हणून मी मूळची टाकली. अगदीच मोकळी होती."

"मोकळीच होती ती. मी केलेली."

"पण मग काही ऐकू येत नाही तिथे."

"काय ऐकायचंय?" बाई म्हणाल्या. "इथे मी डोळे होते तोवर रोज संध्याकाळी येऊन उभी राहायचे. शेवटच्या वर्षी तर दुसरं काही केलंच नाही. इथे काही वाजलं की माझं लक्ष कानात जातं गं. काढ तो."

दुरुस्तीवालीने वारा काढला. नकलेतून ती शांत फाईल उचलली आणि तिच्या जागी ठेवली. यादीतली ओळ तांबडी झाली. तिने यादी बंद केली, उठली, कागदाचा गठ्ठा उचलून बाजूला केला आणि पडदा ओढून बाईंच्या समोर आणला. का आणला, हे तिला विचारलं असतं तर सांगता आलं नसतं.

खाली आख्खं खोरं पसरलं होतं. नदी, पूल, विहीर, गावातली घरं. तीन दिवस ती ज्यांची दारं ऐकत होती ती घरं एवढीएवढीशी दिसत होती. समोर, अगदी डोळ्यांच्या रेषेत, सूर्य मावळतीला आला होता आणि त्याची तिरीप थेट अंगावर येत होती.

बाईंनी हेडफोन गळ्यात उतरवले. हनुवटी जराशी वर केली. मग मान सावकाश डावीकडून उजवीकडे फिरवली, नदी जिथून येते तिथपासून ती जिथे दिसेनाशी होते तिथपर्यंत, आणि समोर आल्यावर उजवा हात उचलून कपाळावर आडवा धरला. डोळ्यांवर सावली यावी तसा.

भावाचे डोळे भरून आले होते. दुरुस्तीवाली पडद्याला हात लावून तशीच समोर उभी होती.

"अगं, जरा," बाई हळूच म्हणाल्या.

आपण मध्ये उभ्या आहोत हे दुरुस्तीवालीच्या लक्षात आलं, आणि ती चटकन बाजूला झाली.